रोटवांग आणि हेल

प्रिय मंदार,
सप्रेम नमस्कार.

परवा फोनवर 'मेट्रोपोलिस'मधल्या रोटवांगला 'सत्तेसाठी पिसाळलेला शास्त्रज्ञ' म्हणून तू एका वाक्यात निकालात काढलंस. मला ते पटलेलं नाही. फोनवर तू बोलू देत नाहीस, म्हणून हे पत्र.

तू पाहिलीस ती प्रत बहुतेक जुनी, कापलेली असणार. फ्रिट्झ लांगचा हा मूकपट १० जानेवारी १९२७ ला बर्लिनमध्ये झळकला. अमेरिकेत नेताना त्याला अशी कात्री लागली की हेल नावाची बाईच कथेतून बाद झाली. ती गेली आणि रोटवांगच्या वेडाचं कारणही गेलं. उरला केस पिंजारलेला, एका हातात काळा हातमोजा घातलेला माणूस, जो यंत्रमानव का बनवतो ते कळतच नाही. मग तो सत्तेला हपापलेलाच वाटणार!

२००८ साली ब्वेनोस आयरेसच्या सिनेमा संग्रहालयात जवळजवळ पूर्ण प्रत सापडली, १६ मिमीच्या छोट्या फिल्मवर उतरवलेली. २०१० च्या आवृत्तीत ते तुकडे लगेच ओळखू येतात. चित्रभर पावसासारखे उभे ओरखडे, चौकटही जराशी लहान. त्यातच ते दृश्य आहे. शहराचा मालक फ्रेडरसन रोटवांगच्या घरी येतो, पडदा बाजूला सारतो, तर समोर हेलच्या चेहऱ्याचं प्रचंड शिल्प. रोटवांगचं जिच्यावर प्रेम, तिने लग्न केलं फ्रेडरसनशी आणि त्याच्या मुलाला जन्म देताना ती गेली. रोटवांग धावत येतो, पडदा ओढून घेतो, संतापाने थरथरतो. त्याला यंत्रातून तीच परत हवी आहे. त्यापायी एक हात गेला, त्याचं त्याला काहीच नाही.

सत्तेची भूक आहे ती फ्रेडरसनला. मजुरांवर पकड राहावी म्हणून, ते जिचं ऐकतात त्या मारियाचा चेहरा यंत्राला दे, हा हुकूम त्याचा. रोटवांग वरवर मान डोलावतो आणि त्याच यंत्राकरवी फ्रेडरसनचा मुलगा हिरावून घ्यायचं मनात धरतो. बिचारा वगैरे नाही हं तो. मारियाला कोंडतो तेव्हा अंगावर काटा येतो. पण हा सूड आहे, सत्ता नव्हे. रोटवांगचा छतावरचा शेवट मात्र मला फसलेलाच वाटतो. एवढा धुमसणारा माणूस, त्याला असं घाईघाईत ढकलून मोकळे!

अरे हो, तुझं आजोळ बेळगावचं म्हणून सांगतो. याची पटकथा लिहिणाऱ्या थेआ फॉन हार्बू यांनी लांगशी घटस्फोट झाल्यावर बेळगावकडच्या अयी तेंडुलकरांशी लग्न केलं होतं. मामांना विचार, त्यांना नक्की काहीतरी ठाऊक असेल.

२०१० ची आवृत्ती बघ आणि मग हवं तेवढं भांड. वहिनींना नमस्कार.

तुझा,
श्रीपाद