रविवार कुणाचा?

प्रिय दिग्या,

तब्येत ठीक. शुगर आहे तिथेच आहे, गोळ्या चालू आहेत, पुढचं विचारू नकोस. फोनच करणार होतो, पण फोनवर तू मध्येच हसत सुटतोस आणि माझं राहून जातं.

मंगळवारी मामांचा फोन. "साहेब, रविवारी पार्ल्याच्या दीनानाथला दुपारचा प्रयोग. जाहिरात गेली, बुकिंग उघडलं, आणि आता तो मालिकावाला भामटा म्हणतोय आपल्या पोरीला सोडणार नाही. तुमची ओळख असेल तर जरा दम द्या की त्याला."

दिग्या, तो भामटा म्हणजे मी. नाटकाचा निर्माता मी, मालिकेचाही मीच. आदल्या रात्री शेड्यूल मीच पास केलं होतं. मामा नाटकाचे सूत्रधार, म्हणजे प्रयोगांची सगळी व्यवस्था बघणारे. मालिका कोण काढतं याच्याशी त्यांना काडीचं देणंघेणं नाही. मी "बघतो" म्हणालो आणि फोन ठेवला.

झालंय असं, की चॅनेलला लग्नाचा महाएपिसोड हवाय आणि बँक रिकामी आहे. (तुझी नव्हे, शूट करून ठेवलेल्या एपिसोडची. तुझी कधी रिकामी झाली तर आधी मला कळव.) शनिवार-रविवार सगळे कलाकार घोडबंदरच्या बंगल्यात हवेत. एक दिवस पुढे ढकलला तर बंगल्याचं भाडं, जनरेटर, युनिटची शिफ्ट, सगळं माझ्या बोडक्यावर. चॅनेल एपिसोडमागे ठरलेला आकडा देणार, तोही तीनेक महिन्यांनी. नाटक चाललं तरी माझं, पडलं तरी माझं. मालिका चालली तर चॅनेलची, पडली तर मात्र माझी.

आणि नाटकात तरी काय उरतं रे? थिएटरचं भाडं, कलाकारांच्या नाइट (प्रयोगामागचं मानधन), बॅकस्टेज, टेम्पो, पेपरातली जाहिरात. पाचशेपर्यंतच्या तिकिटाला जीएसटी नाही, म्हणून पहिल्या रांगेलाही त्यावर जायला हात धजत नाही. हाउसफुलचा बोर्ड लागला की मामा पेढे मागतात, मी मनात बेरीज करत असतो.

तू म्हणशील, मग मालिकेला हो म्हण आणि मोकळा हो. तसंही नाही. ती पोरगी मी राज्य नाट्य स्पर्धेच्या प्राथमिक फेरीतून उचलली, आधी नाटकात घेतली, मग मालिकेत. आता जाहिरातीत तिच्या नावापेक्षा मालिकेतल्या पात्राचं नाव मोठं छापतो, कारण खिडकीवर बायका तेच नाव घेऊन तिकिटं मागतात. म्हणजे मालिका नाटकाच्या खुर्च्या भरते आणि नाटकाचा रविवारही तीच खाते! गेल्या प्रयोगाला ती रात्रभर शूट करून आली होती. दुसऱ्या अंकात आवाज बसला. मी विंगेत होतो. शब्दाचा शेवट गिळला जातोय हे मला ऐकू येत होतं, साउंडवाल्याला माईक वर घे म्हणून खूण केली. उतरल्यावर तिला विचारलं तर म्हणते, "सर, तुम्ही सांगाल तसं." कुठला सर ते तिनं सांगितलं नाही, मीही विचारलं नाही.

मामा म्हणतात रिप्लेसमेंट करू, एक मुलगी तयार आहे. हे वाचून तुझं डोकं सणकलं असणार. पुरुषोत्तम करंडक स्पर्धेच्या वेळी आपली शरयू तापानं फणफणली होती, दुसरी उभी करू म्हणालो तर तू भरत नाट्य मंदिराच्या पायरीवर माझी गचांडी धरलीस. शरयू तापात उभी राहिली आणि करंडक दुसऱ्यांनीच नेला. त्या दिवशीच्या टेम्पोचे पैसेही मीच भरले, हे तू सोयीस्कर विसरतोस.

१९९९ मध्ये अल्फा मराठी (आताचं झी मराठी) चॅनेल आलं तेव्हा मला मालिकेत ढकलणारा तूच. स्वतः मात्र बँकेची खुर्ची सोडली नाहीस. तुझं एकच पालुपद: विनय आपटे बघ, दूरदर्शनवर निर्माते आणि रंगभूमीवर दिग्दर्शक, दोन्ही झेपतं की! अरे, दूरदर्शनात निर्मात्याला पगार होता. फुकट गेलेल्या शिफ्टचं भाडं त्याच्या खिशातून जात नव्हतं.

पण मालिकेला शिव्याही घालवत नाहीत. कोरोनात थांबलेलं शूटिंग २०२० च्या जुलैत सुरू झालं. नाट्यगृहं मध्ये अर्ध्या खुर्च्यांवर उघडली, परत बंद झाली, ती २०२१ च्या २२ ऑक्टोबरला उघडली. तोवर बॅकस्टेजची पोरं मी सेटवर लावली म्हणून त्यांच्या चुली पेटल्या. बंड्या तर तिथेच रमला. पडदा ओढायचा तो आता मांडवाला झेंडू लावतो आणि मलाच बजेट वाढवा म्हणून सुनावतो.

शेवटी चॅनेलला कळवलंय, तिचे क्लोजअप शनिवारी रात्री दहापर्यंत उरकतो. रविवारचे फेरे पाठमोऱ्या डुप्लिकेटवर घेऊ, नाहीतरी डोक्यावरून पदर आहेच. दिग्दर्शक चिडलाय. क्रिएटिव्हच्या बाईंचं म्हणणं, सप्तपदीत वधूचे डोळे दिसले पाहिजेत. सातही पावलांना! उत्तर उद्या येईल.

गुडघ्याचं ऑपरेशन नीट झालं ना? रेवाचं हैदराबादचं पक्कं झालं का? वहिनींना नमस्कार.

रविवारची दोन तिकिटं मामांकडे तुझ्या नावानं ठेवलीत. चॅनेल हो म्हणालं तर ये, आणि मामांसमोर मालिकेचा विषय काढू नकोस. नाही म्हणालं तर रिप्लेसमेंट होणार. मग घरीच बस, त्या गुडघ्यानं तुला पार्ल्याच्या पायऱ्यांवर माझी गचांडी धरता यायची नाही.

तुझा,
नंदू