डिसेंबरात आम्ही दोघं येतोय

सिएटल

आई, बाबा,

जयभीम.

फोनवर सांगितलं असतं तर आई मध्येच रडली असती, म्हणून लिहितेय. मंडळात दिलेला माझा बायोडाटा परत आणा. ज्याचा फोटो पाठवला होता त्याच्याशीच लग्न करायचं मी ठरवलंय.

घाईत ठरवलं असं समजू नका. डेटिंगची ॲपं मी इमानदारीत वापरली. गोऱ्या पोरांची सुरुवात 'नमस्ते'ने. एकाने पहिल्याच कॉफीला विचारलं, "तुझं लग्न आईबापच लावतील ना?" दुसरा म्हणाला, इंडियन मुलीसोबत एकदा तरी फिरायचंच होतं. जशी मी मेनूकार्डावरची नवी भाजी! पुढचं तुम्हाला सांगण्यासारखं नाही. शिवी कोणी दिली नाही, कौतुकच केलं, त्यामुळे भांडताही येत नव्हतं.

आणि आपली पोरं? एक छान बोलायचा. दुसऱ्या भेटीत आडनाव विचारलं, मग गाव, मग गावात कुठे. बाबा, अगदी आपल्या त्या घरमालकाच्याच क्रमाने. नंतर त्याचा मेसेज आला नाही. इथे सिएटलमध्ये २०२३ पासून जातीवरून भेदभाव करायला कायद्याने बंदी आहे, पण ती नोकरीत, घर भाड्याने देताना. कॉफीच्या टेबलावर कोण कायदा लावणार?

आणि हा फोटोतला? याला लोक बास्केटबॉलबद्दल विचारतात. हा बिचारा हिशेबनीस, चेंडू धड पकडता येत नाही. आजोबा १९५६ ला दीक्षाभूमीवर होते हे सांगितलं, तर म्हणाला, तेव्हा त्याच्या आजोबांच्या राज्यात काळ्या-गोऱ्यांनी लग्न करणं गुन्हा होता. सुप्रीम कोर्टाने तो कायदा रद्द केला १९६७ ला. मग आजोबांबद्दलच विचारत बसला, रात्री उशिरापर्यंत.

आई, तू हळूच विचारलंस, "फार काळा आहे का गं?" हो, काळा आहे. मी चिडले नाही. तुला बघायला आले तेव्हा खिडकीशी उजेडात बसवलं होतं, हे माझी वेणी घालताना तूच सांगायचीस. म्हणून तुलाच सांगते, त्याच्यासमोर रंगाचा विषय नको.

तुमचं काही बदलणार नाही. रविवारचा फोन, औषधांचे पैसे, उन्हाळ्याआधी नवा कूलर, सगळं ठरल्याप्रमाणे.

आता ऐका. अधिवेशनामुळे हॉटेलं भरलेली असतील, आणि तसंही तो आपल्याच घरी राहील. मागच्या खोलीतलं सामान काढून ठेवा, बाबा, पण स्वतः उचलू नका. साखरेचा रिपोर्ट काढून आधी मला पाठवा. संत्राबर्फी आजपासून बंद. आई, पोह्यांवरची तर्री त्याला वेगळ्या वाटीत दे, झेपली तर घेईल. आत्याला मीच फोन करणार आहे. तुम्ही तिला समजावत बसू नका.

तुमची,
छकुली