गृहकर्जाची खरी किंमत पहिल्या पानावर छापा : रिझर्व्ह बँकेच्या गव्हर्नरांना खुले पत्र

प्रति,
माननीय श्री. संजय मल्होत्रा,
गव्हर्नर, भारतीय रिझर्व्ह बँक,
शहीद भगतसिंग मार्ग, मुंबई

महोदय,

सविनय नमस्कार.

मी डोंबिवलीतल्या एका शाळेत गणित शिकवतो. आमच्या भागात कुणी घर घ्यायला निघाले की कर्जाचे कागद घेऊन माझ्याकडे येते. त्या कागदांतून जे दिसते, त्यावरून आपल्याकडे एक मागणी करतो आहे. कर्ज घेणाऱ्याला सही करण्याआधी, आणि पुढे व्याजदर बदलेल त्या प्रत्येक वेळी, हे कर्ज एकूण किती रुपयांना पडणार आहे ते त्याच्या भाषेत, पहिल्या पानावर, मोठ्या अक्षरांत दिसले पाहिजे.

चाळीस लाखांचे कर्ज धरू. मुंबईच्या उपनगरांपलीकडे, कल्याण-बदलापूर पट्ट्यात वन बीएचके घेणाऱ्याला साधारण इतके कर्ज लागतेच. दर ८.५ टक्के, मुदत २० वर्षे. हप्ता बसतो ३४,७१३ रुपये. घरात चर्चा होते ती या आकड्याची: पगारातून एवढे जमेल का, बायकोच्या पगारातून किती टाकायचे, मुलांची फी कशी भागवायची. पण २४० हप्त्यांची बेरीज ८३ लाख ३१ हजार होते, म्हणजे ४० लाखांवर ४३ लाखांहून अधिक व्याज, हे घरी कुणी बोलत नाही. बँकेतला माणूस आपणहून सांगत नाही आणि बिल्डरच्या ऑफिसात बसलेला एजंट तर नाहीच नाही.

ही बेरीज मी करून दाखवतो तेव्हा बहुतेकांचा पहिला प्रश्न असतो, ‘पण दर तर साडेआठच आहे ना?’ लोक हुशार आहेत, भाजीवाल्याशी दोन रुपयांवरून हुज्जत घालतात, पण टक्क्यांतला दर आणि वीस वर्षांतले रुपये यांचा मेळ मनात घालता येत नाही. त्यात त्यांचा दोष नाही. आठवीत आम्ही चक्रवाढ व्याज शिकवतो, दहावीच्या अर्थनियोजनात जीएसटी, शेअर आणि म्युच्युअल फंड शिकवतो. घटत्या मुद्दलावरच्या हप्त्याचे गणित बारावी वाणिज्यच्या मुलांना भेटते, तेही ‘वार्षिकी’ या नावाने. बाकीचा महाराष्ट्र आयुष्यातला सर्वांत मोठा व्यवहार त्या गणिताशिवाय करतो.

त्याच कर्जाचा पहिला हप्ता उलगडून पाहा. ३४,७१३ पैकी २८,३३३ रुपये व्याजात जातात आणि मुद्दल फिटते ६,३८० रुपये. पाच वर्षांत माणूस २० लाख ८२ हजार रुपये भरतो आणि मुद्दल तरीही सुमारे ३५ लाख २५ हजार शिल्लक असते. दहा वर्षे झाली, निम्मी मुदत संपली, की अजून २८ लाख देणे असते. मुद्दल निम्म्यावर यायला जवळजवळ चौदा वर्षे लागतात. यात बँकेची कोणतीही लबाडी नाही. व्याज शिल्लक मुद्दलावर लागते, म्हणून सुरुवातीला ते जास्त असते. पण आमच्याकडे अनेक कुटुंबे सहा-सात वर्षांत वन बीएचके विकून टू बीएचकेकडे जायला बघतात. ‘इतकी वर्षे हप्ते भरले, आता निम्मे तरी फिटले असेल,’ या समजुतीवर ती पुढच्या घराचे टोकन देऊन बसतात. मग बँकेकडून शिलकीचे पत्र येते आणि सगळा हिशोब कोसळतो. मंजुरीच्या वेळी पाच, दहा आणि पंधरा वर्षांनंतरची शिल्लक समोर असती, तर हा निर्णय वेगळा झाला असता.

इथे एक आक्षेप येईल आणि तो रास्त आहे. वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाएवढा नसतो. पगार वाढतात, महागाई वाढते आणि आज जड वाटणारा हप्ता पंधराव्या वर्षी हलका वाटतो. शिवाय त्या काळात घरभाडे वाचते. त्यामुळे ८३ लाखांचा आकडा ही काही संपूर्ण गोष्ट नाही. मी कर्ज घेऊ नका असे कुणालाही सांगत नाही. स्वतःचे छप्पर ही मोठी गोष्ट आहे आणि कर्जाशिवाय आमच्यापैकी फार थोड्यांना ते मिळेल. पण हा हिशोब करायचा तर आकडा आधी हातात हवा. पगार वाढेल की नाही, नोकरी टिकेल की नाही, हे ज्याचे त्याने ठरवावे. बेरीजच दाखवली नाही तर तो ठरवणार कशावरून?

आता मुदतीकडे येतो, कारण खरा पैसा तिथे जातो. हेच ४० लाख वीसऐवजी तीस वर्षांसाठी घेतले तर हप्ता ३०,७५७ वर येतो. महिन्याला चार हजार वाचले, असे वाटते. एकूण परतफेड मात्र १ कोटी १० लाख ७२ हजारांवर जाते, म्हणजे २७ लाख ४१ हजार जास्त. उलट बाजूने पाहा. वीस वर्षांच्या त्याच कर्जात पहिल्यापासून दरमहा फक्त २,००० रुपये जास्त भरले, तर कर्ज सुमारे अडीच वर्षे आधी फिटते आणि साडेसहा लाखांच्या आसपास व्याज वाचते. वैयक्तिक कर्जदाराच्या बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचा दंड लावता येत नाही. रिझर्व्ह बँकेने बँकांना तशी मनाई २०१२ मध्येच केली, आणि त्याबद्दल आपल्या संस्थेचे आभार मानले पाहिजेत. तरीही माझ्याकडे येणाऱ्यांपैकी कितीतरी जण आजही ‘आधी भरले तर दंड लागतो’ असे समजून बोनस मुदत ठेवीत टाकतात, गृहकर्जापेक्षा कमी व्याजाने.

सर्वांत जास्त नुकसान मी २०२२-२३ मध्ये पाहिले. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने कर्ज देते तो, ४ टक्क्यांवरून ६.५० टक्क्यांवर गेला. महागाई आवरायला ते आवश्यक होते, त्याबद्दल तक्रार नाही. पण २०२१ मध्ये ७ टक्क्यांनी ४० लाख घेतलेल्या माणसाचे काय झाले ते पाहा. त्याचा हप्ता ३१,०१२ होता. दीड वर्ष भरल्यावर मुद्दल उरले साधारण साडेअडतीस लाख. त्यावर साडेनऊ टक्क्यांनी महिन्याचे व्याज ३०,५१६ रुपये. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलात जातात ५०० पेक्षाही कमी रुपये, आणि कर्ज फिटायला आणखी त्रेचाळीस वर्षांहून अधिक काळ लागतो. मुदत मूळची ठेवायची तर हप्ता ३६,९०० च्या घरात न्यावा लागतो. प्रत्यक्षात बहुतेकांचे या दोहोंच्या मधे कुठेतरी भागवले गेले: मुदत वयाच्या मर्यादेपर्यंत ताणली आणि उरलेला भार हप्त्यावर टाकला. कर्जदाराला मिळाला तो दर बदलल्याचा एक एसएमएस. आमच्या शेजारच्या इमारतीतले एक गृहस्थ खासगी कंपनीत आहेत. त्यांचे कर्ज निवृत्तीच्या आधी संपणार होते. खात्याचा उतारा मागवला तेव्हा शेवटचा हप्ता निवृत्तीनंतर सहा वर्षांनी असल्याचे त्यांना कळले. कर्ज देणाऱ्याने मुदत वाढवताना त्यांना विचारलेही नव्हते.

आपल्या संस्थेने यावर उपाय केला नाही असे नाही. १८ ऑगस्ट २०२३ चे परिपत्रक चांगले होते. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, हा पर्याय कर्जदाराला द्यायचा. निश्चित दराकडे जाण्याची मुभा द्यायची. मंजुरीच्या वेळीच दरवाढीचा परिणाम सांगायचा. आणि दर तिमाहीला आतापर्यंत किती मुद्दल व किती व्याज वसूल झाले आणि किती हप्ते उरले याचे पत्रक द्यायचे. पुढे सप्टेंबर २०२५ मध्ये निश्चित दराचा पर्याय देणे कर्जसंस्थांच्या मर्जीवर सोपवले गेले. तो निर्णय मला पटलेला नाही. निश्चित दर महाग पडतो हे खरे, पण पन्नाशीतल्या माणसाला महाग आणि ठाऊक असलेला हप्ता हवा असू शकतो, आणि ती निवड त्याची असायला हवी.

राहिलेल्या तरतुदींत एक उणीव आहे. परिणाम सांगा असे नियम म्हणतो, पण मोठ्या दरवाढीचा परिणाम रुपयांत सांगा असे म्हणत नाही. कर्जासोबतच्या माहिती पत्रकात पाव टक्क्याच्या बदलाने हप्ता किती रुपयांनी आणि हप्त्यांची संख्या कितीने बदलेल, एवढे दाखवले की काम भागते. त्याऐवजी मंजुरीपत्रावर असे असावे : आज दर ८.५, हप्ता ३४,७१३. दर १०.५ झाला तर पहिल्या महिन्याचे व्याजच ३५,००० होईल, म्हणजे या हप्त्यात कर्ज कधीच फिटणार नाही. तेव्हा हप्ता ३९,९३५ करावा लागेल. हे वाचून माणूस विचार करेल, कदाचित पाच लाखांचे कर्ज कमी घेईल. आणि मुदत वाढवायचीच असेल तर कर्जदाराच्या लेखी होकाराशिवाय ती वाढू नये. वाढलेल्या महिन्यांमुळे किती रुपये जादा जातील ते त्याच कागदावर असावे.

हे करायला नवा फॉर्म लागणार नाही. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या किरकोळ (म्हणजे व्यक्तींना दिलेल्या) कर्जासोबत महत्त्वाच्या माहितीचे पत्रक द्यावे लागते. त्यात वार्षिक टक्केवारी दर असतो, ज्यात प्रोसेसिंग फी आणि कर्जसंस्थेमार्फत घेतला जाणारा विमा व कायदेशीर खर्चही धरायचा असतो. संपूर्ण मुदतीत द्यावे लागणारे व्याज आणि एकूण परतफेड हे दोन्ही आकडेही त्यात आहेत. पण ते जोडपत्रातल्या तक्त्यात, बऱ्याच ओळींच्या खाली आहेत. वर येतो तो टक्क्यांतला दर आणि हप्ता. ते दोन आकडे उचलून वर आणावेत, एवढेच मी मागतो. हे पत्रक कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत असावे असेही आपलाच नियम सांगतो. माझ्या पाहण्यात आलेली जवळपास सगळी पत्रके इंग्रजीत होती. सोबत एक छापील ओळ होती की कर्जदाराने मजकूर समजून घेतला आहे, आणि तिच्याखाली सही. ज्या राज्यात रिझर्व्ह बँकेचे मुख्य कार्यालय आहे, तिथे मराठी पत्रक मागावे लागू नये.

विम्याबद्दल थोडे. कर्जासोबत एकरकमी विमा हप्ता आकारून तो कर्जातच मिळवण्याची पद्धत सर्रास आहे. समजा तो १ लाख २० हजार आहे. वीस वर्षे ८.५ टक्क्यांनी तो फेडताना अडीच लाख होतात. कर्जदार गेला तर घर वाचावे म्हणून विमा असावा, याच मताचा मी आहे. पण वेगळा मुदत विमा घेऊन वर्षाला थोडे थोडे भरणे हाही मार्ग आहे हे त्याला सांगितले जात नाही, आणि ‘हे कंपल्सरी आहे’ असे काउंटरवर तोंडी सांगितले जाते. लेखी कुणी देत नाही.

प्राप्तिकराच्या सवलतीचेही तसेच. ‘दोन लाखांचे व्याज करातून वजा होते’ असे अजूनही सांगून कर्ज विकले जाते. स्वतः राहत असलेल्या घरासाठी ही वजावट नव्या करप्रणालीत मिळत नाही, आणि आता तीच प्रणाली मुळात लागू धरली जाते.

शेवटचा मुद्दा गृहवित्त कंपन्यांच्या, म्हणजे बँक नसलेल्या पण घरासाठी कर्ज देणाऱ्या कंपन्यांच्या, कर्जदारांचा, आणि तो मला सर्वांत जास्त टोचतो. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांनी नवी बदलत्या दराची गृहकर्जे रेपोसारख्या बाहेरच्या मानकाशी जोडायची आणि निदान तीन महिन्यांतून एकदा दर बदलायचा, असा नियम झाला. गृहवित्त कंपन्यांना तो लागू नाही. त्यांचा मानक दर त्या स्वतः ठरवतात. फेब्रुवारी ते डिसेंबर २०२५ मध्ये रेपो दर ६.५० वरून ५.२५ वर आला. रेपोशी जोडलेल्या बँक कर्जदाराला तो फायदा आपोआप मिळाला. गृहवित्त कंपनीच्या कर्जदाराला कधी आणि किती मिळायचा ते कंपनी ठरवते, आणि नव्या ग्राहकाचा कमी दर हवा असेल तर अनेकदा रूपांतर शुल्क भरून मागावा लागतो. या कंपन्यांकडे कोण जाते? ज्यांच्याकडे पगाराची स्लिप नाही ते : रिक्षावाले, टेलर, छोटे दुकानदार, पोळीभाजी केंद्र चालवणाऱ्या बायका. बँक त्यांना दारात उभे करत नाही, म्हणून ते तिथे जातात आणि मुळातच जास्त दर देतात. नियमांचे संरक्षणही त्यांनाच सर्वांत कमी आहे. २०१९ पासून या कंपन्यांचे नियमन आपल्याकडेच आहे. किमान त्यांच्या जुन्या कर्जदारांना दर वर्षी एक पत्र जावे : तुमचा दर अमुक, तुमच्यासारख्या नव्या ग्राहकाला आज आम्ही तमुक दराने देतो, फरकामुळे उरलेल्या मुदतीत तुमचे इतके रुपये जादा जात आहेत, आणि दर बदलून घ्यायला किंवा कर्ज दुसरीकडे न्यायला हे कागद लागतील. याचा मसुदा आपण हरकती-सूचनांसाठी कधी प्रसिद्ध कराल, ते कृपया कळवावे. मराठीत सूचना पाठवायला आमच्यासारखे पुष्कळ जण तयार आहेत.

आपला विश्वासू,
एक गणित शिक्षक,
डोंबिवली