रविवारी फोनवर राहिलेलं उत्तर

चि. सोन्यास,
अनेक उत्तम आशीर्वाद.

रविवारी फोनवर तू विचारलंस, "आई, पकडलेल्या माणसाकडून माहिती मिळाली तर दहा जीव वाचणार असतील, मग त्याला मारहाण केली तर बिघडलं कुठे?" मी विषय बदलला. गुडघा कसा आहे, लाडू संपले का, असलंच विचारत राहिले. फोन ठेवला आणि रात्रभर डोळ्याला डोळा लागला नाही. डिसेंबरात पासिंग आऊट परेड. तुझ्या खांद्यावर आम्ही दोघं तारे लावणार. त्याआधी हे उत्तर तुझ्या हाती पडायला हवं. इतकी वर्षं फ्रेंच शिकवतेय, तेव्हा उत्तर तिकडच्याच एका माणसाच्या आयुष्यातून देते. जनरल जाक द बोलार्दिएर.

जन्म १९०७चा, शातोब्रियांचा. घराणं फ्रान्सच्याच ब्रिटनी प्रांतातलं, सैनिकी पेशाचं. १९२७ साली सँ-सीरमध्ये, म्हणजे तुमच्या अकादमीसारख्याच संस्थेत, दाखल झाले आणि तिथून अधिकारी म्हणून नाही, तर सार्जंट म्हणून बाहेर पडले. कारण काय, तर स्वभाव बंडखोर! तुला हे आवडेल, मला ठाऊक आहे. पुढे फॉरेन लीजन या परदेशी सैनिकांच्या फ्रेंच दलातून उत्तर आफ्रिकेत गेले. १९४० साली नॉर्वेत नार्विकला लढले. तिथून परत येतात तर जर्मनीपुढे फ्रान्स पडलेला. सरकारने शरणागती पत्करलेली. लष्करातल्या बहुतेकांनी ती मानली, कारण तो हुकूम होता. यांनी मानली नाही. इंग्लंड गाठून, तिथून लढा चालू ठेवणाऱ्या जनरल द गॉल यांच्या सैन्यात गेले. शरण गेलेल्या त्या विशी सरकारने त्यांना देहान्ताची शिक्षा सुनावली. पहिला हुकूम मोडला तेव्हा वय होतं बत्तीस.

मग एरिट्रिया, सीरिया, लिबियाचं वाळवंट. अल-अलामीनच्या आघाडीवर सुरुंगाच्या स्फोटात जबर जखमी झाले. द गॉल यांनी सुरू केलेला लिबरेशनचा क्रॉस हा सन्मान ज्या १,०३८ जणांना मिळाला, त्यांत हे एक. ब्रिटिशांनी डीएसओ हे लष्करी पदक दोनदा दिलं. पदकांची यादी इथेच थांबवते. ती तुझी तू शोधशील.

आता नीट वाच. १९४४च्या वसंतात त्यांना हवाई छत्रीने फ्रान्समधल्या, जर्मनांच्या ताब्यातल्या आर्देनच्या जंगलात उतरवलं. तिथल्या गुप्त प्रतिकार तुकड्यांना शस्त्रं द्यायची, तयार करायचं, हे काम. रोजच्या कामधंद्यातली पोरं गावं सोडून रानात आली होती. कित्येकांच्या हाती बंदूक पहिल्यांदाच येत होती. जूनमध्ये जर्मनांनी रवँजवळच्या मानीझच्या पठारावर वेढा घातला. १०६ जण हाती लागले. त्यांचे हाल केले आणि सगळ्यांना मारून टाकलं. बोलार्दिएर वाचले. बांधलेल्या माणसावर हात टाकणं म्हणजे काय, हे त्यांना पुस्तकात वाचावं लागलं नव्हतं रे. त्यांचीच माणसं होती ती.

यानंतर इंडोचायना, आणि १९५६ साली अल्जीरिया. त्याच वर्षअखेरीला ते जनरल झाले. तेव्हाच्या फ्रेंच सैन्यातले सर्वांत तरुण जनरल. अल्जीरिया तेव्हा फ्रान्सच्या ताब्यात, आणि तिथे स्वातंत्र्याचं युद्ध पेटलेलं होतं. अल्जीयर्स शहरात कॅफेंत बाँब फुटत होते, मुलाबाळांसकट माणसं मरत होती. तुझा प्रश्न म्हणजे तिथल्या अधिकाऱ्यांचा रोजचा प्रश्न होता, हे मी झाकून ठेवणार नाही. जानेवारी १९५७मध्ये पोलिसांचे अधिकार जनरल मास्यू यांच्या छत्रीधारी डिव्हिजनला दिले गेले. मग रात्री घरं फोडून माणसं उचलणं सुरू झालं. विजेचे झटके, पाण्यात बुडवणं. अल्जीयर्स पोलिसांचे मुख्य सचिव पॉल तेतजन स्वतः महायुद्धात गेस्टापोच्या, म्हणजे नाझींच्या गुप्त पोलिसांच्या, कोठडीतून गेलेले. त्यांच्या हिशेबाप्रमाणे ३,०२४ माणसं नाहीशी झाली. त्याच वर्षी तेतजननी पद सोडलं.

बोलार्दिएर शहराबाहेर अॅटलसच्या डोंगराळ भागात होते. त्यांनी रस्त्यांची कामं काढली, गावकऱ्यांना रोजगार दिला, सैनिकांना गावांतून लोकांत मिसळायला लावलं. मार्चमध्ये मास्यूंचा हुकूम आला, झडत्या आणि चौकशा वाढवा. ते सरळ मास्यूंसमोर जाऊन उभे राहिले. दोघे जुने, द गॉल यांच्या सैन्यातले सोबती. त्यांनी तोंडावर सांगितलं की तुझ्या या कृत्याबद्दल मला तिरस्कार आहे. आणि आपल्याला या पदावरून मोकळं करावं, असं लिहून दिलं.

तेवढ्यावर थांबले असते तर कुणाला कळलंही नसतं. पण त्यांच्या हाताखाली लेफ्टनंट म्हणून काम केलेले पत्रकार सेर्व्हाँ-श्रेबर यांनी अल्जीरियातलं वास्तव छापलं होतं आणि त्यांच्यावर खटला उभा राहत होता. त्यांच्या पाठीशी बोलार्दिएर उघडपणे उभे राहिले. मार्चअखेरीला 'लेक्सप्रेस' साप्ताहिकात बोलार्दिएर यांचं पत्र आलं. तात्काळ परिणामाच्या खोट्या सबबीखाली नीतिमूल्यं नजरेआड करणं भयंकर धोक्याचं आहे, आणि आपल्या सैन्याला थोरपण आलं ते त्या मूल्यांमुळेच, असा त्याचा आशय. तुझं "जीव वाचणार असतील तर" आणि त्यांचं "तात्काळ परिणाम", बाळा, एकच आहे ते. म्हणून तर झोप लागली नाही.

सरकारने या जनरलला साठ दिवस किल्ल्यात नजरकैदेत ठेवलं. त्या हुद्द्याच्या दुसऱ्या कुणीही तेव्हा असं जाहीरपणे तोंड उघडलं नव्हतं. बाहेर आल्यावर दूर मध्य आफ्रिकेत बदली, मग जर्मनी. १९६१ साली काही सेनापतींनी अल्जीयर्समध्ये बंड केलं, त्यानंतर ते लष्करातून बाहेर पडले.

पुढचं आयुष्य तर मला युद्धाहूनही मोठं वाटतं. गांधींच्या विचाराने चालणारे झाँ-मारी म्युलेर त्यांना भेटले आणि हा माणूस अहिंसेचं काम करायला लागला. १९७३च्या जुलैमध्ये, पासष्टाव्या वर्षी, 'फ्री' नावाच्या छोट्या शिडाच्या जहाजातून पॅसिफिकमधल्या मुरुरोआ बेटाकडे गेला, तिथल्या फ्रेंच अणुचाचण्यांच्या विरोधात. फ्रेंच नौदलानेच त्यांना समुद्रात पकडलं. १९८६ साली ब्रिटनीत त्यांचं निधन झालं.

हेही सांगते, नाहीतर तू म्हणशील आईने सोयीचं तेवढंच लिहिलं. छळाने माहिती मिळत नाही, असं मी म्हणत नाही. अल्जीयर्समधली बाँबची साखळी त्या वर्षी तुटली. पण १९६२ साली अल्जीरिया स्वतंत्र झाला, तो झालाच. आणि २००० साली म्हाताऱ्या मास्यूंनी 'ल माँद' वृत्तपत्राला सांगितलं की छळ अपरिहार्य नव्हता, त्याशिवायही करता आलं असतं. ते ऐकायला बोलार्दिएर नव्हते. पण त्याच वर्षी, छळाचा सरकारने निषेध करावा असं आवाहन बारा जणांनी केलं होतं, आणि त्यांत त्यांची पत्नी सिमोन यांची सही होती.

बाबांना हे पत्र वाचून दाखवलं. ते काही बोलले नाहीत, फक्त "पाठव" म्हणाले. मला फोनवर उत्तर नको. लिहून पाठव, पटलं नसेल तर तसंच लिही. आणि तुमच्या वर्गात पकडलेल्या माणसाबद्दल नेमकं काय शिकवतात, तेही सांग.

लाडवांचा डबा सोमवारी पाठवतेय.

तुझी,
आई