गोर्बाचेव्हना प्रश्न कोण विचारतंय, तेही बघा

संपादक महोदय, स.न.वि.वि.

सोव्हिएत युनियनचे शेवटचे नेते गोर्बाचेव्ह यांच्यावरच्या माहितीपटांबद्दल तुमच्या पुरवणीत आलेला लेख वाचला, आवडला, पण सगळा भर वेर्नर हरझॉग आणि आंद्रे सिंगर यांच्या २०१८ च्या फिल्मवर होता म्हणून हे लिहितोय. ती फिल्म सुंदर आहे, वादच नाही. म्हातारा माणूस समोर बसलाय, बायकोचा, रायसाचा विषय निघाला की त्याचा चेहरा बदलतो, आणि ती १९९९ मध्ये ल्युकेमियाने गेली हे माहीत असलं तरी बघताना आपल्याला कसंतरीच होतं. पण हरझॉग जर्मन आहे, जर्मनी पुन्हा एक झाली ती या माणसाने ते रोखायला सैन्य उतरवलं नाही म्हणून, आणि ते ऋण त्याच्या प्रत्येक प्रश्नात दिसतं. इतक्या प्रेमाने विचारल्यावर उत्तरंही तशीच येणार ना.

म्हणून व्हिताली मान्स्कीची २०२० ची फिल्म पण बघायलाच हवी. मान्स्की जन्माने युक्रेनमधल्या ल्विवचा, म्हणजे सोव्हिएत युनियनमध्येच वाढलेला, त्याला त्या राज्याचा आतला हिशोब माहीत आहे. मॉस्कोबाहेरच्या घरात तो कॅमेरा घेऊन बसतो आणि एकच प्रश्न फिरून फिरून विचारतो, आणि गोर्बाचेव्ह कधी गप्प बसतात, कधी विषय बदलतात, कधी गाणं म्हणतात. मला तर ती टाळाटाळच जास्त खरी वाटली, तिच्यात या माणसाचं ओझं दिसतं.

कारण ओझं होतंच. १९८९ मध्ये पूर्व युरोपात रणगाडे पाठवले नाहीत हे फार मोठं काम, १९८७ चा रेगनबरोबरचा क्षेपणास्त्र करार पण मोठाच, मी ते कमी लेखत नाही. पण एप्रिल १९८९ चं जॉर्जियातलं तिबिलिसी, जानेवारी १९९० चं अझरबैजानमधलं बाकू जिथे १०० हून जास्त माणसं मेली, १३ जानेवारी १९९१ ला लिथुआनियातल्या विल्नियसच्या टीव्ही टॉवरपाशी मेलेली माणसं, सोव्हिएत सैन्याने लोकांवर केलेल्या या कारवाया पण त्यांच्याच काळात झाल्या. विल्नियसचा आदेश मी दिला नव्हता असं ते शेवटपर्यंत म्हणत राहिले. आणि चेर्नोबिलची अणुभट्टी फुटली २६ एप्रिल १९८६ ला, गोर्बाचेव्ह टीव्हीवर देशाशी बोलले १४ मे ला, ग्लासनोस्तची, म्हणजे खुलेपणाची भाषा सुरू झालेली असताना.

माजी नेता कॅमेऱ्यासमोर बसतो तेव्हा त्याच्याकडे सत्ता नसते, फक्त आठवण असते, आणि ती तो स्वतःला सोयीची करून सांगतो, कोणीही तसंच करेल. त्याला अडवायचं काम दिग्दर्शकाचं, आणि दिग्दर्शकाने नाही केलं तर समीक्षकाने. गोर्बाचेव्ह ३० ऑगस्ट २०२२ ला गेले, आता त्यांना कोणी काही विचारू शकत नाही, म्हणजे जे शूट झालंय तेवढंच उरलं.

तेव्हा विनंती एवढीच, अशा फिल्मवर पुन्हा लिहाल तेव्हा शेजारी एक छोटी चौकट द्या, तिबिलिसी, बाकू, विल्नियस, चेर्नोबिल आणि त्यांच्या तारखा. चार ओळीसुद्धा पुरतील.

आपला,
एक वाचक