५३ हप्ते भरले, २४० पैकी उरले २८४?? हिशोब द्या

प्रति,
तक्रार निवारण अधिकारी, होम लोन विभाग
४ जानेवारी २०२६

विषय: न विचारता वाढवलेली लोनची मुदत, जुन्या ग्राहकाला लावलेला जास्तीचा रेट आणि गळ्यात मारलेला इन्शुरन्स

नमस्कार,

लोन अकाउंट नंबर मेलच्या वरच टाकलाय, त्यामुळे परत "सर, अकाउंट नंबर सांगा" असा रिप्लाय पाठवू नका, दोनदा झालंय ते.

२८ डिसेंबरला रविवार होता, मुलीच्या पुढच्या शिक्षणाच्या खर्चाचं बोलणं चाललं होतं आणि बायकोने सहज विचारलं की आपलं लोन नक्की कधी संपतंय. मी छातीठोक सांगितलं जुलै २०४१, वीस वर्षांचं आहे. ती म्हणाली एकदा बघून घे. म्हणून तुमचं ॲप उघडलं, त्यात लिहिलंय "उर्वरित हप्ते २८४". मला आधी वाटलं ॲपच गंडलंय. लोन घेतलं तेव्हा एकूण हप्ते होते २४०, मी ऑगस्ट २०२१ पासून एकही बाउन्स न होता ५३ भरले, म्हणजे उरायला पाहिजेत १८७. इथे मूळ आकड्यापेक्षा उरलेला आकडा मोठा! चार वर्षं पाच महिने चालून मी निघालो त्याच्याही मागे जाऊन पोचलोय. शेवटच्या हप्त्याची तारीख दाखवतंय ऑगस्ट २०४९, तेव्हा मी ६७ वर्षांचा असेन, नोकरी साठाव्या वर्षी संपते, पुढची सात वर्षं हप्ता कोण भरणार ते पण ॲपमध्येच दाखवायचं होतं.

कस्टमर केअरला फोन केला तर मॅडम म्हणाल्या, "सर, तुमचा ईएमआय वाढू नये म्हणून सिस्टिमने टेन्युअर ॲडजस्ट केलंय, तुमच्या सोयीसाठीच आहे." माझ्या सोयीसाठी! अहो मग मला विचारायचं ना.

त्या रात्री जेवणं झाल्यावर सगळी स्टेटमेंट काढून बसलो आणि वहीत हिशोब मांडला, तो इथे देतोय, चुकत असेल तर सांगा.

जुलै २०२१ ला ४० लाख, ६.७५ टक्के, फ्लोटिंग (म्हणजे वर-खाली होणारा रेट), २४० महिने, हप्ता ३०,४१५. तुमच्या माणसाने ब्रोशरच्या मागे पेनाने ३०,४१५ लिहून त्याला गोल केला होता, ते ब्रोशर अजून फाइलमध्ये आहे. २४० गुणिले ३०,४१५ म्हणजे जवळजवळ ७३ लाख होतात, त्यातले ३३ लाख व्याज, हे त्याने सांगितलं नाही आणि मीही गुणाकार केला नाही, ही माझी चूक मान्य. पण तेवढं तरी ठरलेलं होतं.

मग मे २०२२ पासून रेपो, म्हणजे रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने पैसे देते तो दर, वाढायला लागला, ४ वरून फेब्रुवारी २०२३ पर्यंत ६.५० टक्के. ते पेपरात रोज होतं, रेट वाढणार हे मला कळत होतं, त्याबद्दल तक्रारच नाही, फ्लोटिंग घेतलं तर वर पण जाणार. तुम्ही माझा रेट ७.६५, मग ८.४०, ८.९० आणि एप्रिल २०२३ ला ९.१५ केला. पण त्या सगळ्या काळात हप्ता तेवढाच कापला जात होता, ३०,४१५, त्यामुळे मला वाटलं आपल्याला फारसं काही झालेलं नाही. प्रत्यक्षात त्या हप्त्यात काय चाललं होतं बघा: पहिल्या हप्त्यात २२,५०० व्याज आणि ७,९१५ मुद्दल होतं, जानेवारी २०२३ च्या हप्त्यात मुद्दलात गेले फक्त १,६०६ रुपये. तीस हजारातले सोळाशे! बाकी सगळं व्याज.

आणि एप्रिल २०२३ ला तुमचा एसएमएस आला की हप्ता आता ३२,००० झालाय. १,५८५ रुपये वाढले. मला काय वाटलं सांगू, मला वाटलं चला, रेट एवढा वाढूनही फक्त दीड हजारावर भागलं, आणि तो विषय मी तिथेच सोडला. हीच खरी मेख आहे. कारण त्या एसएमएसमध्ये हे नव्हतं की हप्ता दीड हजारानेच वाढलाय कारण मुदत २० वर्षांवरून सरळ ३० वर्षं केलीय. सगळे ईमेल शोधले, स्पॅमसकट, चार मेल सापडले, चारही "पीएलआर रिवाइज" झाल्याचे (पीएलआर म्हणजे तुमचा मूळ दर, ज्यावर माझा रेट ठरतो), नवीन रेट दिलाय, मुदतीचा एका शब्दाने उल्लेख नाही. असेल एखादा पाठवलेला तर तारखेसह कॉपी द्या, मी तक्रार मागे घेतो.

आता विचारलं असतं तर काय झालं असतं? मुदत जुलै २०४१ च ठेवली असती तर त्या वेळी हप्ता ३६,४३१ झाला असता, म्हणजे तुम्ही लावलेल्या ३२,००० पेक्षा महिन्याला ४,४३१ जास्त. जड होतं पण जमलं असतं, आणि कसं जमलं असतं ते सांगतो, त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये मी पोस्टात ५,००० ची आरडी सुरू केली, ६.७ टक्क्यांनी. एका हाताने ६.७ ने पैसे साठवतोय आणि दुसऱ्या हाताने तुम्हाला ९.१५ ने देतोय, स्वतःला शहाणा समजत. ९.१५ चाच रेट शेवटपर्यंत धरला तर वीस वर्षांच्या रस्त्याने माझे एकूण ८६ लाख गेले असते, तुमच्या तीस वर्षांच्या रस्त्याने जवळपास ११५ लाख. फरक २८ लाखांच्या वर. मोशीत मी आख्खा फ्लॅट ४७ लाखाला घेतलाय हो, त्याच्या अर्ध्याहून जास्त किमतीचा निर्णय तुमच्या सिस्टिमने परस्पर घेतला आणि वर म्हणता सोयीसाठी.

माझं पण चुकलं, कुठे ते लिहितो म्हणजे तुम्हाला लिहावं लागणार नाही. दरवर्षी तुम्ही इन्कम टॅक्ससाठी व्याजाचं सर्टिफिकेट पाठवता, २०२३-२४ च्या सर्टिफिकेटवर स्वच्छ छापलंय, व्याज ३,५३,७२४, मुद्दल ३०,२७६. वर्षभरात ३,८४,००० भरले आणि कर्ज उतरलं तीस हजार! मी तो कागद तसाच ऑफिसात दिला, अकाउंट्सवाल्याला इन्कम टॅक्सच्या २४बी कलमाखाली दोन लाखांपर्यंतच व्याज दाखवायचं होतं, ते भरलेलं दिसलं, त्याने टिक केली, मी खुश. डोळ्यासमोर होतं आणि बघितलं नाही. आजपर्यंतचा आकडा असा, भरले १६,६४,३००, त्यातलं मुद्दल २,१४,०८७, बाकी सगळं व्याज, आणि लोन अजून ३७,८५,९१३ उभं आहे.

पण मी बघितलं नाही म्हणून तुमची सांगायची जबाबदारी संपत नाही. १८ ऑगस्ट २०२३ चं रिझर्व्ह बँकेचं सर्क्युलर तुमच्याकडे असेलच, फ्लोटिंग रेट रिसेट करताना ग्राहकाला हप्ता वाढवायचा की मुदत वाढवायची की थोडं थोडं दोन्ही, हे निवडायला द्यायचं, परिणाम काय होणार ते कळवायचं, आणि दर तिमाहीला स्टेटमेंट द्यायचं ज्यात किती मुद्दल गेलं, किती व्याज गेलं, किती हप्ते उरले हे साध्या भाषेत असेल. तुम्ही म्हणाल की आमचा बदल एप्रिलचा, सर्क्युलर ऑगस्टचं. तर त्यातच लिहिलंय की आधीपासून चालू असलेल्या लोनलाही ३१ डिसेंबर २०२३ पर्यंत लागू करायचं आणि जुन्या ग्राहकांना हे पर्याय कळवायचे. ते तुमच्यासारख्या गृहवित्त कंपन्यांनाही लागू आहे, फक्त बँकांना नाही. मला ना पर्याय आले ना तिमाही स्टेटमेंट. दिवाळीच्या शुभेच्छांचे मेल आणि प्री-ॲप्रूव्ह्ड टॉप-अपचे एसएमएस मात्र वेळच्या वेळी येतात.

दुसरं, रेट. वाढताना पायऱ्या चढत गेलात, उतरताना गुडघे दुखतात. २०२५ मध्ये रेपो चार वेळा कमी झाला, फेब्रुवारी, एप्रिल, जून, डिसेंबर, मिळून सव्वा टक्का. माझा रेट सप्टेंबरपासून ८.९० झाला, म्हणजे पाव टक्का, त्यामुळेच तीस वर्षांची मुदत आता ऑगस्ट २०४९ वर आलेली दिसते. माझ्या ऑफिसातल्या एकाने माझ्याच महिन्यात, जुलै २०२१ ला, बँकेकडून लोन घेतलेलं, त्याचं रेपोला जोडलेलं आहे, त्याचा एक टक्का उतरलासुद्धा, डिसेंबरचा पाव टक्का पुढच्या रिसेटला उतरेल. बँकांना ऑक्टोबर २०१९ पासून नवीन होम लोन रेपोसारख्या बाहेरच्या बेंचमार्कला जोडणं कम्पल्सरी आहे, तुम्हाला नाही, तुमचा पीएलआर तुम्हीच ठरवता, हे मला २०२१ ला कोणी सांगितलं असतं तर मी तुमच्या दारात आलोच नसतो.

३० डिसेंबरला ब्रँचमध्ये गेलो. हाफ डे टाकून. दरवाज्यावरच तुमचा स्टँडी, "होम लोन ७.५० टक्क्यांपासून". मी म्हटलं मला पण हाच द्या. तिथल्या साहेबांनी कॅल्क्युलेटर ओढला, म्हणाले जुन्या ग्राहकाला रेट कमी करून घ्यायला कन्व्हर्जन फी लागते, बाकी रकमेच्या अर्धा टक्का अधिक जीएसटी, २२,३३७ रुपये. म्हणजे साडेचार वर्षं वेळेवर हप्ते भरल्याचा दंड. मग मी म्हटलं ठीक आहे, मला फोरक्लोजर लेटर (लोन बंद करायला किती भरायचं त्याचं पत्र) आणि डॉक्युमेंट्सची लिस्ट द्या, मी दुसरीकडे ट्रान्सफर करतो. साहेब एकदम गप्प. लेटर मिळालं नाही, पण दुसऱ्या दिवशी, ३१ डिसेंबरच्या संध्याकाळी फोन आला, "सर, तुमच्यासाठी स्पेशल केस करून ७.८५ करून देतो, फी पण माफ." मग आदल्या दिवशी बावीस हजार कसले मागत होतात?? ३२,००० चाच हप्ता ठेवून ८.९० ला २८४ महिने लागतात, ७.८५ ला २२८. छप्पन हप्ते कमी, म्हणजे १८ लाखांच्या आसपास, आणि हे फक्त मी जातो म्हटल्यावर. जे तोंड उघडत नाहीत ते भरतच राहणार का?

तिसरं इन्शुरन्स. मला लोन हवं होतं ३८,९५,०००, त्यावर १,०५,००० ची सिंगल प्रीमियम पॉलिसी टाकून ४० लाख केलं, "याच्याशिवाय फाइल पुढे सरकत नाही" असं सांगून. कुठल्याही नियमात ती कम्पल्सरी नाही हे नंतर कळलं. त्या एक लाख पाच हजाराचाच हप्त्यातला वाटा महिन्याला ७९८ रुपये, वीस वर्षांत एक लाख नव्वद हजाराच्या वर. बरं, घेतली तर घेतली, निदान उपयोगाची तरी असावी. परवा पॉलिसीचं शेड्यूल काढून बघितलं, कव्हर दर महिन्याला कमी होत जातं, मूळच्या ६.७५ टक्क्यांच्या हिशोबाने, आणि २०४१ ला शून्य. आज कव्हर आहे ३५ लाख १३ हजाराच्या आसपास आणि लोन ३७ लाख ८६ हजार. उद्या मला काही झालं तर पावणेतीन लाख बायकोच्या डोक्यावर, आणि २०४१ नंतरची आठ वर्षं तर सगळंच उघड्यावर. तुमच्या सिस्टिमने लोन ॲडजस्ट केलं, पॉलिसी ॲडजस्ट करायला विसरली वाटतं.

आता मला काय हवंय ते. प्रत्येक रेट बदलाची तारीख, तेव्हाची मुदत आणि मला कळवल्याचा पुरावा असं एक शीट द्या. मुदत परत जुलै २०४१ करा, ७.८५ ने त्यासाठी हप्ता साधारण ३५,१५० येतो, तो मी भरतो, लेखी द्यायला तयार आहे, आरडी बंद करतोय. ७.८५ फोनवर नको, लेटरहेडवर द्या, फी न घेता, आणि एप्रिल २०२३ पासून न विचारता वाढवलेल्या मुदतीमुळे जे जास्तीचं व्याज गेलंय त्याबद्दल काय करणार ते पण लिहा. पॉलिसी एकतर आजच्या बाकीप्रमाणे करा नाहीतर रद्द करून उरलेला प्रीमियम मुद्दलात जमा करा. आणि आरडीचे जे येतील ते मी पार्ट पेमेंट करणार आहे, तेव्हा ब्रँचमधल्या साहेबांनी तोंडी सांगितलेला दोन टक्के चार्ज विसरा, व्यक्तीच्या नावावरच्या फ्लोटिंग होम लोनला प्रीपेमेंट चार्ज लागत नाही, आणि पार्ट पेमेंटनंतर हप्ता कमी करायचा नाही, मुदत कमी करायची, परत सोय करू नका.

महिनाभर थांबतो. ४ फेब्रुवारीपर्यंत लेखी उत्तर आलं नाही किंवा "सिस्टिम जनरेटेड" एवढंच आलं तर नॅशनल हाउसिंग बँकेच्या ग्रिड्स या तक्रार पोर्टलवर हीच तक्रार सगळ्या कागदांसकट टाकणार. फोरक्लोजर लेटर तर मला तोपर्यंत पाहिजेच, मी जाणार की राहणार ते मी नंतर ठरवेन.

सोबत: हप्त्यांचं स्टेटमेंट, तीन वर्षांची व्याज सर्टिफिकेटं, चार मेल, एप्रिल २०२३ चा एसएमएस, पॉलिसी शेड्यूल आणि तो ब्रोशरचा गोल केलेला कागद.

१० तारखेच्या हप्त्याचे ३२,००० खात्यात ठेवलेत, नेहमीसारखे कापून घ्या.

आपला,
कर्जदार, मोशी