ताई, तुमचे आठ रुपये आमच्याकडे जमा आहेत

आदरणीय ताई,
सप्रेम नमस्कार.

परवा बाइंडिंगला द्यायची पुस्तकं काढताना महानोरांच्या कवितांचं ते पुस्तक हाती आलं आणि घसाच दाटून आला. तुमचे आभार मानायचे राहूनच गेले होते. म्हणून हे पत्र, आणि तेही सगळ्यांच्या देखत.

तुम्ही राज्यपालनियुक्त आमदार झालात ते कुणाच्या तरी रिकाम्या जागेवर, उरलेल्या मुदतीपुरत्या. बाकीच्यांना सहा वर्षं, तुम्हाला जेमतेम चौदा महिने. मागच्या दाराने आलेल्या बाई काय करणार, असं गाव म्हणालं. खोटं कशाला बोलू, मीही म्हणालो. महानोर 1978 साली याच दाराने विधान परिषदेत गेले होते, हे तेव्हा सुचलं नाही. राज्यपालांनी भरायच्या त्या बारा जागांसाठी घटनेत साहित्य, विज्ञान, कला, सहकार आणि समाजसेवा असं लिहिलंय. पडलेल्या पुढाऱ्याची सोय हा सहावा विषय आम्हीच इतकी वर्षं बघत आलोय!

आमचं ड वर्गाचं, म्हणजे सरकारी प्रतवारीत सगळ्यात खालचं, वाचनालय. अनुदानाचा हप्ता अडकलेला. ज्यांना मतं देऊन पाठवलं ते दोनदा शाल-श्रीफळ घेऊन गेले, ‘प्रस्ताव द्या, बघतो’ म्हणाले. कपाटांकडे त्यांनी मान वळवून पाहिलं नाही. तुम्ही मागे लागलात, हप्ता सुटला.

पण माझ्या मनात घर करून आहे ती वेगळीच गोष्ट. सत्कार नको म्हणून तुम्ही विचारलंत, ‘सभासद व्हायला काय लागतं?’ शंभर रुपये अनामत, दहा रुपये वर्गणी. ‘राहू द्या ताई’ म्हटलं, तर म्हणालात, ‘पावती फाडा.’ आणि रजिस्टरात व्यवसायाच्या रकान्यात ‘लेखन’ लिहिलंत. आमदार नाही.

मुदत संपली, गाडी गेली, मागेपुढे फिरणारी माणसंही गेली. मग एक दिवस पार्सल आलं. तुम्ही नेलेल्या महानोरांच्या त्या पुस्तकाची निखळलेली दोन पानं नीट चिकटवलेली, सोबत वीस रुपये आणि चिठ्ठी : ‘अधिवेशनामुळे उशीर झाला. दंड घ्यावा.’ तीस वर्षं या टेबलामागे बसलोय. पुढाऱ्याने नेलेलं पुस्तक परत आल्याचं हे एकच उदाहरण.

ग्रंथालय कर्मचाऱ्यांच्या पगाराचा प्रश्न तुम्ही सभागृहात विचारला होतात. अनुदान 60 टक्क्यांनी वाढायला 2022 उजाडलं. तेव्हा तुमच्या त्या बाराही खुर्च्या रिकाम्या होत्या, 2020 पासून. सात भरल्या त्या थेट ऑक्टोबर 2024 मध्ये. असो.

दंड बारा रुपये झाला होता. पावती पुस्तकातच ठेवलीय. उरलेले आठ रुपये तुमच्या नावावर जमा आहेत. या आणि घेऊन जा.

आपला,
वाचनालयाचा ग्रंथपाल